आधी लग्नाची डिस्क

घरात साठलेल्या डिस्क हार्ड डिस्कवर उतरवायला बसलं की हात आपोआप आवडत्या सिनेमाकडे जातो. मी मात्र आवडीला रांगेत शेवटी उभं केलंय. आमच्या कपाटातल्या निम्म्या व्हीसीडी मोझर बेअरच्या. 28 रुपयांत अख्खा सिनेमा देणारी ही कंपनी 2018 मध्ये अवसायनात निघाली, पण तिच्या डिस्क अजून बऱ्यापैकी चालतात. कारखान्यात ठशाने छापलेली डिस्क तशी चिवट. शिवाय तोच सिनेमा आणखी हजारो घरांत असतो.

लग्नाची, मुंजीची, साठीशांतीची डिस्क मात्र फोटोग्राफरने राइट करून दिलेली. तिच्यात मजकूर धरून ठेवतो तो रंगाचा पातळ थर. ऊन आणि उकाडा त्याला सोसत नाही. वर आमचं कोकणातलं घर, तिथे दमट हवेची काय कमी! आणि तिची प्रत जगात बहुधा एवढीच. तेव्हा पहिला मान तिचा. त्यानंतर नाटकांच्या व्हीसीडी, कारण त्यातले कित्येक प्रयोग पुन्हा बाजारात आलेच नाहीत.

व्हीसीडीचं चित्र जेमतेम 352 बाय 288 ठिपक्यांचं. ते आणखी दाबून लहान करणं म्हणजे पातळ ताकात पाणी ओतणं. फाइल आहे तशीच उचलावी. डीव्हीडीचंही तेच; जागा वाचवायचा मोह हवाच कशाला? काठोकाठ भरलेली डीव्हीडी 8.5 गिगाबाइटची, म्हणजे तशा साडेचारशे डीव्हीडी 4 टेराबाइटच्या एका हार्ड डिस्कवर मावतात. पण ती हार्ड डिस्क टेबलावरून पडली, तर साडेचारशेही एकदमच जातात. पुण्यात जानेवारी 2003 मध्ये फिल्म संग्रहालयाची जुनी नायट्रेट रिळं आगीत गेली. ज्यांच्या प्रती आधीच निघाल्या होत्या, ते चित्रपट तेवढे वाचले. सरकारी संग्रहालयाची ही गत, तर आपल्या कपाटाची काय कथा! दुसरी प्रत बहिणीच्या घरी, वेगळ्या गावात ठेवलेली बरी.

एवढं करूनही फाइलचं नाव ‘व्हिडिओ 1’ असेल, तर पंगतीत वाढणारा तो उंच माणूस कोण, हे आणखी वीस वर्षांनी कोण सांगणार? आमच्याकडे ते फक्त आत्याला ठाऊक आहे. तुमच्याकडेही अशी एखादी आत्या असेलच. या दिवाळीत तिला लॅपटॉपसमोर बसवा आणि नावं लिहून घ्या.