आईचे घट्टे आणि कुळाचा कागद

माझे वडील कोकणात खोताची जमीन कसत. खंड भाताच्या रूपात जाई, पावती कधी मिळाली नाही. कुळकायद्याने १ एप्रिल १९५७ रोजी कसणाऱ्या कुळाला मालक मानले. पण सातबारावर आमचे नावच नव्हते. ‘हे आमचे गडी,’ खोताचे वारस म्हणाले. तहसीलदारांनी पुरावा मागितला. आईने तळहात पुढे केले. हातावरचे घट्टे कोण वाचणार? दावा गेला, जमीनही गेली.

बाबासाहेबांनी १९३७ सालीच खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले होते. कायद्यासाठी ते लढले. कागद जपणे आपले काम. बंधू-भगिनींनो, सातबारा वाचा, पीकपाहणी लावून घ्या, पावतीशिवाय खंड देऊ नका. आई निरक्षर होती. तिची नात आज फेरफार वाचते. जयभीम!