नोटीस देणारा साहेब

मालिकांत मला काम मिळतं ते कोळ्याचंच. लाल टोपी, कमरेला रुमाल आणि खांद्यावर जाळं. तेही असं धरायला लावतात, की त्यात एक बोंबील सापडायचा नाही. संवाद असला तर एखादा, बाकी नाचायचं.

मी बोरीपाखाडीच्या हनुमान कोळीवाड्यातला. आमचा मूळचा शेवा कोळीवाडा न्हावा-शेवा बंदरासाठी उठला. 1989 साली बंदर सुरू झालं. इकडे नव्या घरांना वाळवी लागली, ती चौकटी खातच राहिली. वाळवी झाडणारा कोळी कुठल्या मालिकेत बघितलाय कोणी?

म्हणून उरणच्या पोरांनी विस्थापनावर लघुपट काढायचं ठरवलं, तेव्हा म्हातारा नाखवा मलाच मिळणार असं मी धरून चाललो होतो. दिग्दर्शक पोरगा म्हणाला, “दादा, तुम्ही साहेब करा. नोटीस घेऊन येणारा.” मी साफ नाही म्हटलं. त्यानं वाद घातला नाही, ‘गर्म हवा’ बघायला दिला.

त्यातले ए. के. हंगल मला ‘शोले’तले रहीमचाचा म्हणूनच ठाऊक. कराचीत शिंपीकाम करणारा, कम्युनिस्ट म्हणून तुरुंगात गेलेला हा माणूस 1949 साली मुंबईला आला. सिनेमात शिरेपर्यंत पन्नाशी गाठलेली. ‘गर्म हवा’त ते अजमानी झालेत: फाळणीत सिंध सोडून आग्र्याला आलेला व्यापारी. सलीम मिर्झांची हवेली त्याच्याकडे जाते. मिर्झा झालेले बलराज साहनी रावळपिंडीचे. म्हणजे हवेली सोडणारा नट आणि घेणारा नट, दोघांचीही गावं सीमेपलीकडे राहिलेली. आणि त्या अजमानीचा राग येत नाही. दुसऱ्याच्या घरात तो अवघडूनच वावरतो. हे अवघडणं हंगलांना कोणी शिकवलं नसणार.

मग आईला विचारलं, नोटीस आणणारा माणूस कसा होता? “तो वर बघतच नव्हता रे. कागदातच बघायचा.”

मी तेवढंच केलं. समोर आमच्याच वाड्यातल्या बायका बसवल्या होत्या. त्यांनी गप्प राहायचं होतं. मी कागद पुढे केला, तशी एक आजी उठून म्हणाली, “सायबा, मंग होड्या कुठं लावायच्या?”

हे लिहिलेलं नव्हतं. पोरगा ‘कट’ म्हणेना. मी कागदातून मान वर न काढता म्हटलं, “वरती कळवतो.”