भेंडवळच्या घटापाशी कॅमेरा

अक्षय्य तृतीयेच्या दुसऱ्या दिवशी पहाटे जळगाव जामोद तालुक्यातल्या भेंडवळला वृत्तवाहिन्यांच्या गाड्या लागतात. पाऊस किती, पिकं कशी, राजाची, म्हणजे राज्यकर्त्याची, गादी टिकेल का, एवढं भाकीत हाती पडलं की त्या परततात. मी निरीक्षणपर माहितीपट करतो. माझं काम गाड्या येण्याआधी सुरू होतं आणि त्या गेल्यावरही चालू राहतं.

आदल्या संध्याकाळी गावाबाहेरच्या शेतात वाघ कुटुंबीय घट मांडतात. गोलाकार मांडलेली अंबाडी, सरकी, ज्वारी, तूर, मूग, जवस अशी अठरा धान्यं. मधल्या खड्ड्यात पावसाळ्याच्या चार महिन्यांची चार ढेकळं, त्यांवर पाण्याची घागर, तिच्यावर पापड, कुरडई, सांडोळी. पानविडा राजाचा. मग सगळे निघतात. रात्री तिथं कुणी थांबत नाही, म्हणून माझा कॅमेराही थांबत नाही. छोटा कॅमेरा लपवून ठेवा, असं सुचवणारे भेटतात. मला ते मुळीच मान्य नाही. ज्यांनी विश्वासानं जवळ उभं राहू दिलं, त्यांच्या नकळत काही टिपायचं नाही.

पहाटे घटात रात्रीतून झालेले बदल पाहून भाकीत ऐकवलं जातं तेव्हा मी ऐकणाऱ्यांकडे लेन्स वळवतो. एका शेतकऱ्याचा अंगठा बोटांच्या पेरांवरून सरकत होता: जून, जुलै, ऑगस्ट. जुलैच्या पेरावर तो परत आला आणि तिथंच राहिला. पेरणीनंतर पावसानं ओढ दिली की दुबार पेरणी, म्हणजे बियाण्याचा खर्च दोनदा. पूर्णाकाठच्या खारपाणपट्ट्यात विहिरीचं पाणीही ओलिताच्या कामाचं नसतं. त्या अंगठ्यावर मी निवेदन घातलं नाही. या मांडणीला हवामानशास्त्राचा आधार नाही, हे मी कुठंही स्पष्ट सांगेन. पण पडद्यावर मला त्या माणसाची धास्ती दिसायला हवी होती, माझं मत नव्हे.

आपल्याकडे माहितीपट म्हटलं की धीरगंभीर आवाज आठवतो. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी दाखवले जात. कानाला ती सवय तिथून लागली. १९६०च्या सुमारास खांद्यावर पेलणारे कॅमेरे आणि चित्राबरोबर आवाज घेणारी सुटसुटीत यंत्रं आली, तेव्हा अमेरिकेत वेगळी वाट निघाली. माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांनी मुलाखत आणि निवेदन दोन्ही वर्ज्य केलं. महाराष्ट्रातल्या जत्रांमधल्या तंबू टॉकीजवर शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी वर्षानुवर्षं चित्रण करून ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ (२०१६) केला. गंजत चाललेली प्रक्षेपणयंत्रं आणि ती जिवापाड जपणारी माणसं तिथं स्वतःच सगळं सांगतात.

मी झूम लेन्स वापरत नाही. माणसाच्या जवळ जायचं तर पायांनी जावं, म्हणजे त्यालाही आपण दिसतो आणि नको म्हणता येतं. आवाजाकडे तर चित्राइतकंच लक्ष देतो. भेंडवळला भाकीत संपल्यावर माणसं मोटारसायकलींपाशी घोळक्यानं उभी राहतात. “कपाशीचं काय म्हनलं रे?” हा प्रश्न तिथं येतो. बूम माइक हातात धरून तोवर थांबलं, तरच तो मिळतो.

अशा कामाला पैसा फारसा मिळत नाही, वेळ मात्र भरपूर लागतो. तरीही तरुणांनी हे करावं, असं मला मनापासून वाटतं. तुमच्या गावचा आठवडी बाजार, कापसाचा काटा, यात्रेची तयारी, जे रोजचं असेल ते निवडा. आधी विचारा. मग मोबाइल आडवा धरून एका जागी उभे राहा, वर संगीत चढवू नका, आणि तयार झालेलं सगळ्यात आधी त्याच माणसांना दाखवा.