आईच्या फोनमधले सहाशे एमबी

३२ जीबीच्या फोनमध्ये ३२ जीबी जागा कधीच नसते. दहा-बारा जीबी सिस्टिमच अडवून बसलेली असते, तीन-चार जीबी अशा अ‍ॅप्सना गेलेली असते जी काढताच येत नाहीत, आणि उरलेल्या जागेत आपण संसार मांडायचा. असे फोन आमच्या घरात कायम आईच्या वाट्याला येतात. दादाने नवीन घेतला की त्याचा जुना बाबांना, बाबांचा आईला. त्यामुळे 'जागा संपली' ही तक्रारही कायम आईचीच, आणि सुट्टीत मिरजेला गेले की ती सोडवायचं काम माझं.

मला ते काम आवडतं, खोटं कशाला बोला. स्टोरेजमध्ये जायचं, अ‍ॅप्सची यादी आकाराप्रमाणे लावायची आणि वरून छाटत यायचं. वर बहुतेक गेमच असतात. तुमच्याही फोनमध्ये बघा, जो गेम तुम्ही शेवटचा कधी उघडला ते आठवत नाही तोच सगळ्यात वर ऐसपैस बसलेला असेल.

माझा स्वतःचा असा गेम पबजी होता. होस्टेलला आम्ही चौघी खेळायचो. मेसचं वायफाय रडत चालायचं, म्हणून एकीने डाउनलोड केला आणि बाकीच्यांनी तिच्याकडून शेअरइटवर घेतला. नुसतं अ‍ॅप घेऊन भागत नाही, त्याची ओबीबी फाइलही लागते, आणि ती नेमक्या फोल्डरात टाकावी लागते, हे ज्ञान त्या वर्षी अख्ख्या विंगला झालं. प्ले स्टोअरवर मुख्य फाइलच्या आकाराला तेव्हा १०० एमबीची मर्यादा होती, म्हणून मोठ्या गेमचा सगळा जड माल, म्हणजे नकाशे, घरं, झाडं, बंदुकांचे आवाज, वेगळ्या गाठोड्यात यायचा. ते गाठोडं म्हणजे ओबीबी. पुन्हा डाउनलोड करायची वेळ नको म्हणून मी त्याची एक प्रत 'डाउनलोड्स'मध्ये जपून ठेवली होती.

जून २०२०मध्ये आधी शेअरइटवर बंदी आली, २ सप्टेंबरला आणखी ११७ अ‍ॅप्सबरोबर पबजीवर. ज्यांच्या फोनमध्ये गेम होता त्यांचा पुढे काही आठवडे चालत राहिला, आणि ३० ऑक्टोबरला सर्व्हरच बंद झाले. अ‍ॅप मी काढून टाकलं, पण ती जपलेली प्रत फोनमध्ये तशीच पडून राहिली. नंतर कधीतरी फोटो काढायला जागा उरली नाही तेव्हा ती सापडली. जवळपास दोन जीबी. एरांगेलचा आठ बाय आठ किलोमीटरचा अख्खा बेट-मुलूख त्यात गुंडाळलेला होता, आणि आमचं त्यात काहीही नव्हतं. आमची नावं, आमचे सामने, आम्ही चौघींनी जिंकलेली ती एक शेवटची मॅच, सगळं सर्व्हरवर होतं. जगात कुणालाही मिळेल असा माल तेवढा माझ्याकडे उरला होता. मी डिलीट दाबलं आणि विसरून गेले.

आईच्या फोनमध्ये गणित उलटं निघालं.

गेल्या वर्षी गणपतीला गेले तेव्हा तिचं व्हॉट्सअ‍ॅप उघडतच नव्हतं. जागा पार संपली की ते आधी जागा करा म्हणून अडून बसतं. आई बचत गटाची सचिव आहे. कुणी हप्ता भरला, पावतीचा फोटो कुणी पाठवला, सगळं ग्रुपवर. दोन दिवस ती शेजारच्या काकूंच्या फोनवर हिशेब बघत होती आणि त्या काकू म्हणजे बिनपगारी आकाशवाणी. तेव्हा काम तातडीचं होतं.

यादी लावली. सगळ्यात वर व्हॉट्सअ‍ॅप, नऊ जीबी. त्याखाली यूट्यूब. तिसरा कँडी क्रश, सहाशे एमबी.

"हा गेम काढू?" मी विचारलं. आई पीठ मळत होती. तिने हात थांबवले नाहीत, पण म्हणाली, "तो राहू दे. दुसरं काय ते काढ."

मग मी तो उघडला. लेव्हल १८४७.

माझी आई खेळते हे मला माहीत होतं, तसं ते घरात सगळ्यांनाच माहीत होतं. 'मोबाइल बघत बसते' असं बाबा म्हणतात त्यात ते येतं. पण १८४७ या आकड्याला वेळ किती लागतो? गेममध्ये पाच जीव मिळतात, हरलात की एक जातो, आणि एक परत यायला अर्धा तास लागतो. पैसे टाकले तर लगेच. आईने कधीच पैसे टाकलेले नाहीत. म्हणजे पाचदा हरलं की गेम बंद, अडीच तासांनी पुन्हा भरलेले पाच. काही लेव्हलवर ती महिना-महिना अडकली होती. कधीपासून खेळतेस विचारलं तर म्हणाली, "तुझी बारावी होती ना, तुझ्याबरोबर जागायचे तेव्हापासून." म्हणजे मी भौतिकशास्त्राच्या पुस्तकावर डुलक्या घेत असताना ती समोर बसून गोळ्या फोडत होती. मला वाटायचं, ती जप करते.

तिची त्या गेममध्ये स्वतःची भाषा आहे. पट्ट्याची गोळी, रुमालात बांधलेली गोळी, आणि पाच एका रंगाच्या जुळल्या की येतो तो रंगीत ठिपक्यांचा चॉकलेटी गोळा, त्याला ती राजगिऱ्याचा लाडू म्हणते. "लाडू आणि पट्टा शेजारी आले की संपलं." आवाज कायम बंद. खेळायची वेळ दुपारी दोन ते तीन, भांडी घासून झाल्यावर, आणि बाबांची रात्रपाळी असली तर रात्री. शिकवणीला येणाऱ्या एका पोराने तिला घड्याळाची युक्तीही शिकवली होती. जीव संपले की फोनची वेळ पुढे करायची, गेमला वाटतं अडीच तास झाले. मात्र एकदा तिने तारीखच पुढे केली आणि मागे घ्यायला विसरली, तेव्हा व्हॉट्सअ‍ॅपने तुमची तारीख चुकली आहे म्हणून हटकलं, आणि तारीख मागे घेतल्यावर गेमने पुढच्या जिवासाठी एकवीस तास थांबायला सांगितलं. त्यानंतर तिने युक्ती सोडली. "गटाचे मेसेज यायला पाहिजेत ना."

आता इथे थोडी तांत्रिक गोष्ट सांगायला हवी, कारण फोन साफ करताना बहुतेक जण इथेच गडबडतात. अ‍ॅपच्या स्टोरेजमध्ये दोन बटणं असतात. क्लिअर कॅशे आणि क्लिअर डेटा. कॅशे म्हणजे ओट्यावर हाताशी काढून ठेवलेलं सामान. उचलून टाका, लागेल तेव्हा अ‍ॅप पुन्हा काढून घेईल. डेटा म्हणजे अ‍ॅपने तुमच्याबद्दल लिहून ठेवलेली वही. ऑनलाइन गेममध्ये त्या वहीची खरी प्रत कंपनीच्या सर्व्हरवर असते, लॉगिन केलं की परत मिळते. पण लॉगिन न करता, पाहुण्यासारखं खेळत असाल तर वही फक्त फोनमध्ये असते. क्लिअर डेटा दाबलं किंवा अ‍ॅप काढलं की गेली. आणि ती बाहेर काढून कुठे ठेवावी म्हटलं तर अँड्रॉइड त्या कप्प्याला साध्या फाइल मॅनेजरने हातही लावू देत नाही.

आईने लॉगिन कधीच केलेलं नव्हतं. त्या सहाशे एमबीमधले जवळजवळ सगळे गोळ्यांचे रंग, पार्श्वसंगीत आणि जाहिराती होत्या. तिची सात-आठ वर्षं त्यात काही केबींमध्ये मावत असतील. पण ते केबी जगात दुसऱ्या कुठेही नव्हते.

मी म्हटलं, "फेसबुकला जोडून टाकू, मग फोन पाण्यात पडला तरी जाणार नाही."

"फेसबुकला नको."

"का गं?"

"सगळ्यांना कळेल."

हे तिचं घाबरणं उगीच नव्हतं. २०१३-१४च्या आसपास फेसबुक वापरणाऱ्यांना आठवत असेल, कुणाचा तरी काका रात्री दोनला कँडी क्रशसाठी जीव मागायचा आणि सगळ्या गोतावळ्याला कळायचं. जोडलं की गेमच्या नकाशावर ओळखीच्यांचे फोटोही दिसतात, कोण कुठल्या लेव्हलवर आहे ते. आईच्या फेसबुकवर तिच्या दोन नणंदा आहेत. दुपारी दोन ते तीन वहिनी काय करते हे त्यांना कळण्यापेक्षा १८४७ लेव्हल गेलेल्या परवडल्या, असा तो हिशेब होता. काकांनी गेम खेळला तर तो गमतीचा विषय असतो. वहिनीने खेळला तर तिला कामं नाहीत असा त्याचा अर्थ निघतो. हे मी काही नवीन सांगत नाही.

"बरं, मग ईमेलवर खातं काढू."

आईचा ईमेल दादाने काढून दिला होता. त्यात दादाचं नाव, पुढे आईचं जन्मसाल. पासवर्ड दादाला पाठ. रिकव्हरीला नंबर बाबांचा, म्हणजे काहीही करायला गेलं की ओटीपी बाबांच्या फोनवर. मी बसून एकेक बघत गेले. तिचं यूपीआय ज्या बँक खात्याला जोडलंय ते बाबांबरोबर संयुक्त. गॅस बाबांच्या नावावर. यूट्यूब दादाच्या जुन्या खात्यावर चालू, म्हणून भजनांच्या मधे क्रिकेटचे व्हिडिओ. सिमसुद्धा बाबांच्या आधारवर घेतलेलं, कारण त्या दिवशी दुकानात तेच गेले होते. कुणी मुद्दाम केलेलं नाही यातलं काही. ज्याला जे जमलं ते त्याने पटकन करून दिलं. एक हा गेम तेवढा तिने स्वतः डाउनलोड केला होता, आणि त्यात कुणाचंच नाव नव्हतं.

तिचा एक स्वतंत्र ईमेल काढू या, असंही मी सुचवलं. पासवर्ड तुझा, नंबर तुझा. ती म्हणाली, "बघू नंतर." म्हणजे नाही. पासवर्ड लक्षात ठेवण्याचं एक नवीन काम तिला नको होतं, आणि मला वाटतं कुठेच नोंद नसण्याचीच तिला सवय आणि गोडी दोन्ही लागली होती. मी फार ताणलं नाही.

दादाला फोन लावला तर तो म्हणाला, "फॅक्टरी रिसेट मार, नव्यासारखा पळेल." मी त्याला सांगितलं की ते होणार नाही. का, ते सांगितलं नाही.

मग व्हॉट्सअ‍ॅपच्या नऊ जीबीवर उतरले. सेटिंग्जमध्ये 'मॅनेज स्टोरेज' म्हणून जागा आहे, तिथे पाच एमबीपेक्षा मोठ्या फाइल एकत्र दिसतात आणि पुनःपुन्हा फॉरवर्ड झालेल्या वेगळ्या. दोन्ही मिळून एक पूर्ण दुपार गेली. निम्मा माल बाबांनी पाठवलेला होता. शेजारच्या खोलीत बसून ते आईला आरोग्याचे व्हिडिओ पाठवतात. आवळ्याचे फायदे, चालण्याचे फायदे, मोबाइल कमी बघण्याचे फायदे. शेवटचा अठ्ठावीस एमबीचा होता. तो मी विशेष आनंदाने उडवला. शुभ सकाळची चित्रं तर शेकड्यांनी होती, आणि आईने पुढे पाठवलेल्या फोटो-व्हिडिओंच्या प्रती 'सेंट' फोल्डरमध्ये वेगळ्या. गटाच्या पावत्या मात्र एकेक बघून ठेवल्या. कँडी क्रशचा कॅशे तेवढा साफ केला, डेटाच्या बटणापासून अंगठा चार बोटं लांब ठेवून. संध्याकाळपर्यंत सहा जीबी मोकळे झाले. आईने आधी गेम उघडून आकडा बघितला, मग व्हॉट्सअ‍ॅप.

दिवाळीला दादाने तिला नवीन फोन घेतला. पहिल्यांदाच कुणाचा जुना नाही, १२८ जीबीचा, खोक्यासकट. दुकानातल्या मुलाने जुन्यातलं सगळं नव्यात घालून दिलं. फोटो आले, नंबर आले, गटाचे मेसेज आले. कँडी क्रशही आला, हसतमुखाने, लेव्हल एकपासून. जुना फोन दुकानात दिला तर हजार-बाराशे सुटतात, असं बाबांनी दोनदा सांगितलं. आईने तिसऱ्यांदा सांगायची वाट बघितली नाही. सिम काढलेला तो फोन तिने डाळींच्या डब्यांमागे ठेवून दिला, चार्जरसकट. गेम खेळायला नेटही फारसं लागत नाही.

मागच्या महिन्यात गेले तेव्हा दुपारी तिच्याशेजारी आडवी झाले होते. लेव्हल २१००च्या वर गेली होती. सहा महिन्यांत इतकी कशी, म्हणून मी फोन हातात घेतला तर वर कोपऱ्यात वेळ भलतीच. खाली ओढून तारीख बघितली. त्या फोनवर आता व्हॉट्सअ‍ॅप नाही, त्यामुळे हटकायला कुणी नाही. जीव संपले की ती एक दिवस पुढे जाते, आणि मागे येण्याच्या भानगडीत पडतच नाही. डाळींच्या डब्यांमागे २०२८चा मार्च चालू होता.