धुऱ्यावरचा क्लोज-अप

नवजात बाळाला जेमतेम २० ते ३० सेंटिमीटरपर्यंतचंच नीट दिसतं. छातीशी धरलेल्या बाळापासून आईचा चेहरा साधारण तेवढ्याच अंतरावर. म्हणजे आयुष्यातला पहिला क्लोज-अप आपण दूध पितानाच पाहतो.

सिनेमाची सुरुवातही बाळाच्या जेवणापासून फार लांब नाही. १८९५ साली ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये दाखवलेल्या चित्रफितींत बाळाला भरवण्याची एक आहेच. पण तिथं चमच्यानं भरवतो बाप. आई शेजारी कॉफीत गुंतलेली! पुढं स्टॅन ब्रॅकेजनं १९५९ च्या ‘विंडो वॉटर बेबी मूव्हिंग’मध्ये पत्नीचं बाळंतपण टिपलं, तेही मूकपणे. त्यात मधेच कॅमेरा तिच्या हाती जातो आणि बापाचा हरखलेला चेहरा दिसतो. मला त्या लघुपटातलं हेच सगळ्यात आवडतं.

आपण हिरकणीचा कडा लक्षात ठेवला. उतरून घरी पोचल्यावर तिनं बाळाला घेतलं, ते कुणी रंगवून सांगत नाही. एसटी स्थानकांवर तिच्या नावाचे कक्ष आहेत; भाताच्या बांधीला कुठला कक्ष?

ऑगस्टचा पहिला आठवडा म्हणजे जगभर स्तनपान सप्ताह, आणि गोंदियाकडे रोवणीची घाई. बाया चिखलात वाकून पऱ्हे लावताहेत, पाऊस लागलेला, धुऱ्यावर झाडाला लुगड्याची झोळी. झोळीतून रडणं आलं की कधीकधी बाळ तोंडी लागण्याआधीच पान्हा सुटतो. ऑक्सिटोसिन नुसत्या आवाजानंही स्रवतं. म्हणून या क्षणावर लघुपट करायचा, तर त्यात आधी आवाज हवा, मग चोळीवर पसरणारी ओल, मग चिखलाचे हात धुण्याची धांदल. चेहरा शेवटी. ती रस्त्याकडे पाठ करून बसेल. कॅमेऱ्यानं पुढं जायचं की नाही हे तिला विचारावं, आणि ती नको म्हणाली तर तिच्या पाठीचंच चित्रण करावं. पाठही पुष्कळ सांगते. सनई, गहिवर, त्यागाची वाक्यं यांतलं काही नको.

शॉट किती लांब, ते बाळ ठरवील. घोट थांबले की कट. तोवर काम गुत्त्याचं, म्हणून तिची ओळ शेजारणी पुढं नेतील, टोमणेही मारतील; तेही ध्वनिमुद्रित व्हावं. अनुदान वगैरे मिळालंच, तर पहिला खर्च तिच्या बुडालेल्या मजुरीचा धरावा.