आठवून बोलणारं पुस्तक

'द रिमेम्बर्ड व्हिलेज'ला विद्यापीठांत मोठा मान आहे, पण स्वभावाने ते म्हैसूरच्या देवराज मोहल्ल्यातलं. सयाजीराव रोडवरून देवराज मार्केटात शिरावं, मल्लिगेच्या माळा, विड्याची पानं, कुंकवाचे ढीग, नंजनगूडची केळी यांतून वाट काढावी आणि भाव करता करता कोणाचं लग्न ठरलं, कोणाचं बिनसलं हे कानावर पडावं, तसं हे बोलतं. मुद्दा सोडून गप्पांत रमतं. मग लक्षात येतं, गप्पा हाच मुद्दा होता.

जन्म 1976चा. जनक समाजशास्त्रज्ञ एम. एन. श्रीनिवास, 1916 साली म्हैसुरातच जन्मलेले. मुंबईत ते आपल्या मालवणच्या गो. स. घुर्यांचे विद्यार्थी. पुढे बडोद्याच्या सयाजीराव विद्यापीठात समाजशास्त्राचा विभाग त्यांनी उभा केला. मार्केटापुढच्या रस्त्याला ज्यांचं नाव आहे, तेच हे बडोद्याचे महाराज सयाजीराव.

पुस्तकाच्या या बोलण्याला एक आग कारण झाली. 1948 साली श्रीनिवास म्हैसूर जिल्ह्यातल्या एका गावात जाऊन राहिले. गावाला टोपणनाव दिलं रामपुरा. टिपणं वर्षानुवर्षं घोटून तयार केली. ती घेऊन ते स्टॅनफर्डला गेले आणि 24 एप्रिल 1970 रोजी तिथल्या अभ्यासकेंद्राला कुणीतरी लावलेल्या आगीत त्या टिपणांच्या तिन्ही प्रती जळाल्या. सोल टॅक्स या मानववंशशास्त्रज्ञाने सुचवलं, आठवेल तसं लिहा. त्यामुळे पुस्तकाच्या अंगावर तक्त्यांचे दागिने फारसे नाहीत. माणसं मात्र भरपूर. करारी पाटील, नाडू गौडा, सतत काहीतरी खटपटीत असलेला कुळ्ळे गौडा, नझीर साब. या पुस्तकाचा थोरला भाऊ, श्रीनिवासांचाच 1952चा कूर्गांवरचा ग्रंथ, अधिक शिस्तीचा. 'संस्कृतीकरण', म्हणजे खालच्या जातींनी वरच्या जातींचे आचार उचलणं, ही कल्पना गाजली ती त्याच्यामुळे. पण त्याच्याशी कुणी गप्पा मारत नाही.

देवाधर्माचा विषय निघाला की हे पुस्तक खुलतं. पाऊस ओढ देतो, गावकरी बसव या देवाला फुलाचा कौल लावतात, आणि देव गप्प राहिला तर त्यालाच सुनावतात. देवळात गाऱ्हाणं घालणाऱ्या कोकणी माणसाला यात काही नवल वाटणार नाही. श्रद्धा म्हणजे मान खाली घालणं, असं समजणारा शहरी वाचक मात्र चपापतो. इथे देव गावकीतला आहे. त्याच्यावर रुसता येतं, त्याला जाब विचारता येतो.

खोड एकच, पण मोठी. हे पुस्तक पाटलाचं पाहुणं. मुक्काम पाटलाच्या बैलांच्या घरात, म्हणून गाव दिसलं तेही बरंचसं त्याच ओसरीवरून. दलितवस्तीत आणि चुलीपाशी आपला वावर तोकडा पडला, हे ते लपवत नाही. प्रामाणिकपणाबद्दल मान द्यावा, पण एवढ्याने राहिलेलं चित्र पुरं होत नाही.

मराठी वाचकाने याला एकटं वाचू नये. एका बाजूला त्रिं. ना. आत्र्यांचा 1915चा 'गावगाडा' ठेवावा, दुसऱ्या बाजूला दया पवारांचं दलित आत्मकथन 'बलुतं'. ते याच्यानंतर दोनच वर्षांनी आलं, तेही आठवणींतूनच. पण ओसरीवरून नव्हे.