मुका तानाजी

परवा शनिवारी मूकपटांबद्दल वाचत बसलो होतो. बाबूराव पेंटरांचा 'सिंहगड' (१९२३) आला आणि अडखळलो. तानाजी, आणि तोही मुका? अहो, आपला तानाजी म्हणजे सगळं बोलणंच! पोवाडा, डफ, रायबाचं लग्न बाजूला सारणारं ते वाक्य. ते काढून घेतलं तर उरतं काय? मध्ये मध्ये पाट्या यायच्या म्हणा, पण तेव्हा त्या वाचता येणारे किती?

बाबूराव मूळचे चित्रकार, नाटकांचे पडदे रंगवणारे. दामल्यांना हाताशी धरून कोल्हापुरात त्यांनी कॅमेरासुद्धा स्वतःच बनवला. 'सिंहगड'च्या चित्रीकरणात कृत्रिम दिवे वापरले. स्वतः शिवाजी महाराज झाले. आणि शेलारमामा कोण? तर जेमतेम एकविशीतले व्ही. शांताराम! पिकलेला म्हातारा उभा करायचा आणि मदतीला थरथरता आवाजही नाही. जे काय करायचं ते पाठीनं, मानेनं, हातांनी.

जमलं असेल का? माझ्यापुरतं उत्तर घरातच मिळालं होतं.

आमच्याकडे तानाजी सांगावा तर आजोबांनी. पण अर्धांगवायूनं त्यांची उजवी बाजू गेली, वाचाही गेली. माझा मुलगा तेव्हा चार वर्षांचा. त्याला गोष्ट मी सांगायला घेतली, तर पठ्ठ्या दोन मिनिटांत कंटाळला. तेवढ्यात खाटेवरून आजोबांचा डावा हात उठला. बोटं भिंतीवरून सरसर वर चढली. मग तलवार फिरली. मग हात धपकन चादरीवर पडला, हलेचना.

"मेला?" मुलानं विचारलं.

आजोबांनी मान हलवली. मग तळहाताची कड खाटेच्या काठावर खाडकन आपटली. दोर कापले! आता परत जायची वाट नाही. पोरगा श्वास रोखून बघत होता. आणि तोच हात, थरथरत, पुन्हा लढायला उठला.

'सिंहगड'ची प्रत आज उपलब्ध नाही. तेव्हाची फिल्म पटकन पेट घेणारी. आपले बहुतेक मूकपट असेच जळून, नाहीतर सडून गेले. हे वाचून हळहळलो खरा, पण मला बोलायला तोंड कुठे आहे? ऑफिसात रोज बॅकअप घेणारा मी, खिशात मोबाइल असूनही त्या हाताचं चित्रण केलं नाही. आजोबा नंतर दोनच महिन्यांत गेले.

मुलगा मात्र अजून तानाजी हातानंच सांगतो. डाव्या.